'मेन' नौकेच्या दोन चित्रफिती

सावेदादा भाटवडेकरांनी मुंबईत कुस्ती चित्रित केली ती १८९९ साली. त्याच्या आदल्याच वर्षी, १५ फेब्रुवारी १८९८ च्या रात्री, हवाना बंदरात 'मेन' ही अमेरिकन युद्धनौका स्फोटाने बुडाली आणि अडीचशेहून अधिक नाविक मृत्युमुखी पडले. त्यावर लगोलग निघालेल्या दोन मूक चित्रफिती शेजारी ठेवून पाहण्याजोग्या आहेत. समुद्रापासून दूरच्या मोहोळातही त्या आज संगणकावर पाहता येतात.

पहिली फ्रान्सच्या जॉर्ज मेलिएसची. पाणबुडे नौकेच्या फुटक्या कुशीत शिरतात आणि एक मृतदेह वर पाठवितात. समुद्र खोटा आहे. कॅमेऱ्यापुढे माशांचे काचेचे टाके ठेवून तो उभा केला आहे. मृतदेहही सोंगाचाच. तरी मला त्याचा राग येत नाही. बहुरूप्याला आपण त्याचे सोंग ओळखूनच दाद देतो.

दुसरी एडिसन कंपनीसाठी विल्यम पेली याने मार्च १८९८ मध्ये फ्लोरिडातील की वेस्ट येथे घेतली. नौसैनिकांची तुकडी, मिरवणुकीपुढे नेहमीच धावणारी पोरे, मग ध्वजात लपेटलेल्या शवपेट्यांच्या नऊ गाड्या आणि बाजूने चालणारे, स्फोटातून वाचलेले सोबती. मृताचा चेहरा नाही. अंत्ययात्रा पाहून रस्त्याकडेला टोपी काढून उभा राहणारा वाटसरू जिथे थांबेल, तिथेच कॅमेरा थांबला आहे. अनेक दफनविधी केलेल्या माझ्यासारख्याला हा संयम फार मोलाचा वाटतो.

आणि तरीही या दोहोंत अधिक धोक्याची फीत हीच खरी फीत होय. युद्धज्वर चढलेल्या अमेरिकन नाट्यगृहांत अशा फिती दाखविल्या गेल्या आणि एप्रिलमध्ये स्पेनशी युद्ध जुंपले. चौकशी मंडळाने सुरुंगाचे कारण दिले होते. १९७६ मध्ये अॅडमिरल रिकोव्हर यांच्या अभ्यासाने कोळशाच्या कोठारातील आगीकडे लक्ष वेधले. शवपेट्या खऱ्या, शोक खरा; मारेकरी मात्र प्रेक्षकांनी पदरचा घातला. पेलीच्या चित्रात त्याला नकार देणारे काहीच नव्हते.

पुढे नौकेभोवती पोलादी बांध घालून पाणी उपसण्यात आले, उरलेल्या मृतांचे अवशेष काढून आर्लिंग्टन येथे पुरण्यात आले. १६ मार्च १९१२ रोजी फुलांनी झाकलेला तो सांगाडा खोल समुद्रात नेऊन बुडविला. त्याचेही चित्रण झाले. येथे प्रेत म्हणजे जहाजच. युद्ध केव्हाच संपले होते, कोणाकडे बोट दाखवायचे उरले नव्हते. तिन्हींत हीच फीत मी पुन्हा लावून पाहतो.