श्रेयाचा प्रश्न आणि रॉबर्ट व्हाईटची गिटार

अमेरिकेतील कृष्णवर्णीयांच्या साहित्याची चर्चा आपल्या चळवळीत पुष्कळ झाली. १९७२ साली मुंबईत दलित पँथर उभी राहिली तेव्हा तिने आपले नावच ब्लॅक पँथरवरून घेतले. रिचर्ड राईट, जेम्स बाल्डविन ही नावे आपल्या लेखकांच्या तोंडी रुळली. संगीताच्या वाट्याला मात्र एवढे गांभीर्य आले नाही. ब्लूज, जॅझ, सोल यांचा उल्लेख वेदनेचा पुरावा म्हणून होतो आणि लेख पुढे सरकतो. ते संगीत कोणाच्या श्रमातून उभे राहिले, दाम कोणाला मिळाले आणि नाव कोणाचे झाले, हा प्रश्न मला येथे एका गिटारवादकाच्या निमित्ताने मांडावयाचा आहे.

त्याचे नाव रॉबर्ट व्हाईट. जन्म १९३६ सालचा, पेन्सिल्व्हेनियातला. मृत्यू १९९४ साली लॉस एंजेलिसला. आडनाव व्हाईट असले तरी माणूस काळा. डेट्रॉइट शहरातील मोटाऊन कंपनीच्या स्टुडिओत तो बिदागीवर वाजवीत असे. १९६४ साली टेम्प्टेशन्स या गायकमंडळींचे 'माय गर्ल' हे गाणे तेथे मुद्रित झाले आणि मार्च १९६५ मध्ये ते अमेरिकेत पहिल्या क्रमांकावर गेले. आरंभी जेम्स जेमर्सनचा बेस हृदयाच्या ठोक्यासारखा सुरू होतो आणि त्यावर गिटारचे सहा स्वर एकेक पायरी चढत जातात. तो हात व्हाईटचा. इंग्रजीचा एक शब्द न समजणारा माणूसही हे सहा स्वर ऐकून गाणे ओळखतो.

हे स्वर म्हणजे सा, रे, ग, प, ध आणि वरचा सा. आपल्याकडील कोणीही पेटीवाला त्यांना भूपाचे स्वर म्हणेल. एवढ्यावरून त्यांचे मूळ आपल्या रागसंगीतात शोधण्याचा उद्योग कोणी करू नये. असले उसने मोठेपण आपल्याला नको. पाहण्यासारखी गोष्ट वेगळी आहे. तीच चढण पुढे मध्यमाला सा मानून पुन्हा येते, आणि डेव्हिड रफिनचा आवाज या दोन चढणींच्या मधल्या जागेत सुखाने वावरतो. गिटार कोठेही आवाजाच्या आड येत नाही. इतके थोडे वाजवून इतके उभे करणे हे कसबी माणसाचेच काम. तरीही गाण्याचे कर्ते म्हणून नोंद आहे ती स्मोकी रॉबिन्सन आणि रोनाल्ड व्हाईट या दोघांची. हा रोनाल्ड वेगळा. तो मिरॅकल्स या मंडळीतला गायक. रॉबर्टचे नाव तबकडीवर नव्हते, वेष्टनावरही नव्हते.

असे का झाले ते कंपनीच्या रचनेतून समजते. मोटाऊनचा मालक बेरी गॉर्डी हा स्वतः कृष्णवर्णीय. १९५९ साली घरच्यांकडून ८०० डॉलर उसने घेऊन त्याने धंदा सुरू केला. त्याआधी तो मोटारीच्या कारखान्यात जुळणीच्या पट्ट्यावर कामाला होता आणि तीच पद्धत त्याने गाण्याला लावली. वेस्ट ग्रँड बुलेव्हार्डवरील एका घरात त्याने स्टुडिओ थाटला. तेथे गायक बदलत, गीतकार बदलत. वादकांचा ताफा मात्र बहुतेक तोच राही. हे वादक म्हणजे फंक ब्रदर्स. त्यांतले बरेच जण डेट्रॉइटच्या जॅझ क्लबांत घडलेले. त्यांच्यापुढे बहुधा स्वरसंगतींची एक चिठ्ठी येई. तिच्यावरून कोणी काय वाजवायचे, कोठे थांबायचे, हे ते आपसांत ठरवीत. गिटारवाले तिघे: एडी विलिस, गोरा जो मेसिना आणि व्हाईट. तिघे असे वाटून वाजवीत की एकाचा स्वर दुसऱ्याच्या पायात येत नसे.

या वाटणीत जे निर्माण होई त्याला कायद्याच्या लेखी नाव नव्हते. कायद्याने रचना म्हणजे शब्द आणि चाल. त्यांची रॉयल्टी गीतकाराला आणि प्रकाशकाला जाई, आणि प्रकाशन संस्थाही गॉर्डीचीच होती. वादकाने बिदागी घेतली की त्याचा संबंध संपला. आजही अमेरिकेतील साध्या रेडिओवर गाणे वाजले तर रचनाकाराला आणि प्रकाशकाला पैसे मिळतात. वादकाला मिळत नाहीत. दुसऱ्या कंपनीसाठी चोरून वाजवले तर मात्र मोटाऊन वादकांना दंड करी. म्हणजे हात आपल्याच मालकीचे आहेत हे कंपनीला पक्के ठाऊक होते. त्या हातांना नाव आहे एवढेच तिला आठवत नव्हते. व्हाईटचे नाव वेष्टनावर आले ते १९७१ साली, मार्व्हिन गे यांच्या 'व्हॉट्स गोइंग ऑन' या तबकडीवर. पुढच्याच वर्षी कंपनीने डेट्रॉइटमधला गाशा गुंडाळला आणि ती लॉस एंजेलिसला गेली. वादकांचा ताफा मोडला.

येथे एक आक्षेप येईल. मोटाऊन ही काळ्या माणसाने उभी केलेली कंपनी. गोऱ्यांची मक्तेदारी तिने मोडली. मार्टिन ल्यूथर किंग यांचे डेट्रॉइटमधले भाषण तिने १९६३ साली तबकडीवर आणले. तिच्यावर टीका करणे म्हणजे शत्रूच्या हाती कोलीत देणे नव्हे काय? मला हा युक्तिवाद मान्य नाही. गॉर्डीचे कर्तृत्व मोठे आहे, आणि म्हणूनच त्याचा हिशेब पुरा मांडला पाहिजे. १९३८ साली मनमाडला रेल्वे कामगारांपुढे बोलताना बाबासाहेबांनी ब्राह्मणशाही आणि भांडवलशाही असे दोन शत्रू सांगितले होते. दुसरा शत्रू आपल्या माणसाच्या रूपाने आला म्हणजे तो शत्रू राहत नाही, असे त्यांनी कोठेही म्हटलेले नाही. आपला माणूस मालक झाला ही बातमी आनंदाची खरी. पण त्याच्या कारखान्यात राबणारा आपला माणूस बिननावाचा राहिला, ही बातमीही तितकीच मोठी आहे.

या वादकांवर २००२ साली 'स्टँडिंग इन द शॅडोज ऑफ मोटाऊन' हा माहितीपट निघाला. दिग्दर्शक पॉल जस्टमन. आधार अ‍ॅलन स्लट्स्की यांच्या जेमर्सनवरील पुस्तकाचा. माहितीपट प्रामाणिक आहे, पण त्याची मापे बाजाराची आहेत. एल्विस, बीटल्स, रोलिंग स्टोन्स आणि बीच बॉइज या सर्वांच्या मिळून झाली नसतील इतकी पहिल्या क्रमांकाची गाणी यांनी वाजवली, असे तो अभिमानाने सांगतो. कष्टाला मान मिळण्यासाठी आधी विक्रीचा आकडा दाखवावा लागावा, हीच तर बाजाराची अट आहे.

त्यात व्हाईटची एक हकिगत आहे. स्लट्स्की आणि तो एका उपाहारगृहात बसले असता 'माय गर्ल' वाजू लागले. ही गिटार माझी, असे वाढप्याला सांगण्यासाठी व्हाईट उत्साहाने वळला आणि मध्येच थांबला. नुसते जेवण सांगून गप्प बसला. म्हातारा भ्रमिष्ट आहे असे त्याला वाटले असते, म्हणून.

माहितीपट यात हळवा होतो. मला येथे बाबुराव बागुलांची 'जेव्हा मी जात चोरली होती' ही कथा आठवते. त्या नायकाला ओळख लपवावी लागते, कारण ती कळली तर मार बसणार. व्हाईटला ओळख गिळावी लागते, कारण ती कोणी खरी मानणार नाही. पहिल्याला समाज ओळखतो म्हणून चिरडतो. दुसऱ्याचे काम घरोघर पोहोचवून समाज त्याला ओळखतच नाही. परिणाम एकच: माणूस स्वतःविषयीचे सत्य स्वतःच्या तोंडाने बोलू शकत नाही. याला विनय म्हणणारी समीक्षा मालकाच्या बाजूची आहे.

२००४ साली फंक ब्रदर्सना ग्रॅमीचा जीवनगौरव मिळाला. तोवर व्हाईटला जाऊन दहा वर्षे झाली होती. जेमर्सन तर १९८३ सालीच गेला होता.

हा प्रश्न डेट्रॉइटपुरता नाही. आंबेडकरी जलशांचा इतिहास आपण लिहितो तेव्हा शाहिरांची नावे देतो, आणि ती दिलीच पाहिजेत. पण त्यांच्या मागे उभे राहून ढोलकी, डफ, तुणतुणे वाजवणारे कोण होते? दिवसा मजुरी करून रात्री वस्त्या जागवणारे ते हात कोणाचे होते? त्यांच्या घरची माणसे अजून आहेत. गावोगावच्या म्हाताऱ्यांना नावे आठवतात. जलशांवर अभ्यास करणाऱ्या विद्यार्थ्यांनी आणि शिक्षकांनी ही नावे गावाच्या आणि वाद्याच्या उल्लेखासह वहीत उतरवून घ्यावीत. हे काम कोणा संस्थेसाठी थांबलेले नाही. ते येत्या सुट्टीतच सुरू करता येईल.