प्रमाण आणि पारायण : क्रिस्तपुराणातील शास्त्रबाह्य कथांचे स्थान

मराठी वाङ्मयाच्या इतिहासात क्रिस्तपुराणाचा उल्लेख बहुधा दोन कारणांसाठी होतो. एका इंग्रज पाद्र्याने ते मराठीत लिहिले, हे पहिले कारण. आणि त्यात मराठी भाषेची स्तुती करणाऱ्या काही सुप्रसिद्ध ओव्या आहेत, हे दुसरे. अध्यापक त्या ओव्या वर्गात वाचून दाखवितो, विद्यार्थी त्या उतरवून घेतात, आणि उरलेल्या सुमारे अकरा हजार ओव्यांचे वर्णन ‘बायबलचे ओवीबद्ध रूपांतर’ ह्या तीन शब्दांत आटोपते. वर्णन सोयीचे आहे, पण यथार्थ नाही. त्याच्या आहारी जाऊन आपण एका महत्त्वाच्या ग्रंथाचा प्रकारच चुकीचा ठरवीत आलो आहो, असे प्रस्तुत लेखकाचे मत आहे.

ग्रंथाची बाह्य हकीकत अभ्यासकांस परिचित आहे. थॉमस स्टीफन्स १५७९ साली गोव्यास आला, सासष्टीत त्याने दीर्घ काळ धर्मोपदेशाचे काम केले, आणि १६१६ साली रायतूर येथे हा ग्रंथ छापून निघाला. पुढे १६४९ व १६५४ साली त्याच्या आवृत्त्या झाल्या. ह्या तिन्ही आवृत्त्यांची एकही प्रत आज उपलब्ध नाही; मंगळूरकडील ख्रिस्ती कुटुंबांनी जपलेल्या हस्तलिखितांवरून १९०७ साली जे. एल. सालढाणा ह्यांनी तो रोमन लिपीत पुन्हा प्रसिद्ध केला, आणि १९५६ साली शांताराम बंडेलू ह्यांच्या संपादनाने तो देवनागरीत मराठी वाचकांच्या हाती आला. पहिल्या पुराणात ३६ व दुसऱ्यात ५९ अवस्वर, अशी त्याची मांडणी आहे. ह्यात एक गोष्ट मात्र बहुधा दृष्टीआड होते. ग्रंथाचे मूळ पोर्तुगीज नाव ‘बायबल’ असे काही सांगत नाही; तारक येशू ख्रिस्त ह्याच्या जगात येण्याविषयीचे निरूपण, एवढाच त्याचा अर्थ. कवीने भाषांतराची प्रतिज्ञा केलेलीच नव्हती. मग भाषांतराच्या मापाने त्याला मोजण्याचे प्रयोजन काय?

दुसऱ्या पुराणाचा आरंभ पाहिला म्हणजे हा प्रश्न अधिक स्पष्ट होतो. तो मरियेच्या कथेने होतो, आणि तेथे तिचे मातापिता योआकीम व आन्ना वाचकास भेटतात. मरियेच्या मातापित्यांची म्हणून ही दोन नावे नव्या कराराच्या सत्तावीस ग्रंथांपैकी एकातही नाहीत. ती येतात याकोबाच्या नावावर प्रचलित असलेल्या, ख्रिस्तोत्तर दुसऱ्या शतकातील एका ग्रीक ग्रंथातून. संतान नाही म्हणून योआकीमचे अर्पण मंदिरात नाकारले जाते. तो रानात जाऊन उपवास करतो. इकडे आन्ना बागेतल्या झाडावर चिमणीचे घरटे पाहून आपल्या वांझपणाचा शोक करते. शेवटी देवदूत येऊन वर देतो, आणि जन्मलेली कन्या तिसऱ्या वर्षी मंदिरास वाहिली जाते, अशी ती मूळ कथा. दशरथाची व्यथा ज्यांच्या कानांवरून गेली आहे त्या श्रोत्यांस ही कथा परकी वाटणे शक्य नव्हते. पण शास्त्राच्या दृष्टीने ती अप्रमाण होय. क्रिस्तपुराण हे बायबलचे रूपांतर मानले, तर ही कथा त्यातील प्रक्षेप ठरते. आणि प्रक्षेप नसेल, तर ग्रंथाविषयीची आपली समजूत बदलावी लागते.

येथे थोडा पारिभाषिक विवेक केला पाहिजे. ‘अपोक्रिफा’ ह्या ग्रीक शब्दाचा मूळ अर्थ ‘गुप्त’ किंवा ‘झाकलेले’. परंतु व्यवहारात ह्या एकाच नावाखाली दोन अगदी निराळे वर्ग मोडतात. टोबित, युदिथ, मक्काब्यांचे दोन ग्रंथ, ज्ञानग्रंथ, सिराख व बारूख हे सात ग्रंथ, आणि दानिएल व एस्तेर ह्यांतील काही भाग, हा पहिला वर्ग. हे ग्रंथ ग्रीक जुन्या करारात होते, हिब्रू संहितेत नव्हते. ८ एप्रिल १५४६ रोजी ट्रेंट येथील धर्मपरिषदेने त्यांस इतर ग्रंथांच्या बरोबरीचे प्रामाण्य दिले. प्रॉटेस्टंटांनी ते दिले नाही. म्हणून कॅथलिक बायबलात ७३ ग्रंथ, तर प्रॉटेस्टंट बायबलात ६६. दुसरा वर्ग याकोबाच्या वर सांगितलेल्या ग्रंथासारख्या शुभवर्तमानांचा आणि प्रेषितांच्या चरित्रांचा. त्यांस ह्या दोहोंपैकी कोणीही शास्त्र मानलेले नाही. पोप गेलासियसच्या नावाने प्रसिद्ध असलेल्या, सहाव्या शतकाच्या सुमारच्या यादीत तर त्यांपैकी कित्येक त्याज्य म्हणून नमूद आहेत.

इतका निवाडा झाल्यावर हे ग्रंथ लोपून जावयास हवे होते. तसे झाले नाही. पहिल्या वर्गाविषयी संत जेरोमने चौथ्या-पाचव्या शतकाच्या संधीवर एक मार्मिक भेद केला होता: चर्चने हे ग्रंथ लोकांच्या बोधासाठी वाचावेत, मात्र सिद्धान्ताला आधार म्हणून ते पुढे करू नयेत. म्हणजे प्रामाण्य ही एक गोष्ट, आणि वाचन ही दुसरी. ट्रेंटने पहिल्या वर्गापुरता हा भेद मिटविला. पण दुसऱ्या वर्गाच्या बाबतीत तो व्यवहारात कायमच राहिला. मरियेच्या मंदिरार्पणाचा सण पाचव्या पायसने १५६८ साली आपल्या सुधारलेल्या प्रार्थनाग्रंथातून काढून टाकला, कारण त्याला शास्त्राधार नव्हता. आणि १५८५ साली पाचव्या सिक्स्टसने तोच पुन्हा सुरू केला. स्टीफन्स तेव्हा गोव्यात होता. विद्वानांनी दाराबाहेर काढलेली कथा भाविकांनी खिडकीतून आत घेतली, हे त्याच्या हयातीतच घडले.

हा भेद समजून घेण्यास पेडण्याच्या किंवा डिचोलीच्या वाचकाला रोमपर्यंत जाण्याची गरज नाही. त्याच्या गावच्या देवळात हरिविजय, रामविजय, पांडवप्रताप ह्यांचे वाचन होत आले आहे. जत्रेत दशावतारी मंडळी आख्यान लावतात. श्रोत्यांपैकी कोणासही विचारावे, लक्ष्मणाने पर्णकुटीभोवती रेषा ओढली की नाही? तो खात्रीने सांगेल की ओढली. शबरीने बोरे चाखून रामाला दिली की नाही? दिली. ह्या दोन्ही गोष्टी वाल्मीकीत नाहीत. ते त्याला सांगितले तर तो शास्त्रीबुवांचा मान राखील, पण पुढच्या वर्षी रेषा पुन्हा ओढली जाईल. वेद हे प्रमाण. पुराण हे श्रवणासाठी. पुराणातली कथा खोटी असे कोणी म्हणत नाही, आणि तिच्यावर धर्मनिर्णयही कोणी करीत नाही. कथेला राहण्याजोगी अशी एक जागा आपल्या परंपरेने फार पूर्वीच बांधून ठेवली होती.

स्टीफन्सने नेमकी हीच जागा हेरली. ग्रंथारंभीचा प्रसंग ह्या दृष्टीने पुन्हा वाचावा. धर्मशिक्षण चालू असता एक ब्राह्मण उभा राहतो आणि पाद्री-गुरूला विनवितो की, आमची पूर्वीची पुराणे तुम्ही बंद केली, तर त्यांच्या जागी आम्हांस वाचावयास काही द्या. तो शास्त्र मागत नाही. प्रश्नोत्तरांची पाठ केलेली शिकवण त्याच्याजवळ आहेच. त्याला हवे आहे ते पुराण. त्या काळी लोकभाषेत बायबल करण्यास रोमची अनुमती सहजी मिळणारी नव्हती. पण पुराण हे शास्त्र नव्हे, म्हणूनच ते लिहिता आले. पुराण म्हटल्यामुळे वैकुंठ हा शब्द चालला, ओवी चालली, आणि योआकीम-आन्नाही चालले. प्रमाण कथा व अप्रमाण कथा एकाच आसनावरून सांगण्याची मुभा ह्या एका मराठी शब्दाने कवीला दिली. ‘पुराण’ हे ग्रंथाला दिलेले केवळ देशी लेणे नव्हे. त्या शब्दावर ग्रंथाची सबंध रचना उभी आहे.

ह्या कथा ग्रंथातच राहिल्या नाहीत, ह्याला गोमंतकाची भूमी साक्षी आहे. तिसवाडीत तळावली येथे सतराव्या शतकाच्या अखेरीस उभारलेले संत आन्नाचे भव्य चर्च आहे. जुलैअखेरीस तेथील सणाला संतान मागणारी जोडपी तवशी अर्पण करतात. ह्या उत्सवाला तवशांचे फेस्त असेच म्हणतात. बायबलात जिचे नाव नाही, ती स्त्री येथे शेकडो वर्षे स्त्रियांचे गाऱ्हाणे ऐकत आली आहे, आणि तेही नेमके तिच्या कथेतलेच. सहा जानेवारीस रेईस मागूस, चांदर व कासावली येथे तीन मुलगे राजे होऊन मिरवतात. मत्तयाच्या शुभवर्तमानात ते राजेही नाहीत आणि त्यांची संख्याही दिलेली नाही; तेथे फक्त पूर्वेकडचे ज्ञानी आणि तीन नजराणे आहेत. नाताळच्या गोठ्यातले बैल आणि गाढवही लूकने पाहिले नव्हते. लोकांची श्रद्धा प्रमाणग्रंथावर उभी असते, पण तिला घरात वावरता येते ते अशा कथांमुळे.

फादर एतियेन द ला क्र्वा ह्याचे १६२९ साली छापण्यास आरंभ झालेले पेत्राविषयीचे पुराणही ह्याच न्यायाने पाहिले पाहिजे. शिमोन जादूगाराशी रोममध्ये झालेला सामना आणि उलटे टांगून झालेले क्रूसारोहण ह्या कथा बायबलात नाहीत. त्या पेत्राच्या शास्त्रबाह्य चरित्रातून आलेल्या. पेत्राचे चरित्र शेवटपर्यंत सांगू पाहणाऱ्या कोणाही कवीला ह्या भांडाराकडे वळावेच लागते.

एकोणिसाव्या शतकात मराठीत बायबल आले ते निराळ्या वाटेने. विल्यम केरीने श्रीरामपूरहून १८०५ साली मत्तयाचे शुभवर्तमान व १८११ साली नवा करार मराठीत छापला. पुढे १८२६ साली ब्रिटिश बायबल सोसायटीने वादग्रस्त सात ग्रंथ छापण्यासाठी पैसा द्यावयाचा नाही असा निर्णय घेतला, आणि मराठी वाचकाच्या हाती पडणारे बायबल सहासष्ट ग्रंथांचे झाले. वास्तविक लूथरने १५३४ सालच्या बायबलात हे ग्रंथ निराळे करून का होईना छापले होते, आणि १६११ सालच्या इंग्रजी बायबलातही ते होते. परिणाम असा झाला की, मराठीभाषी ख्रिस्ती समाजात दोन ग्रंथालये तयार झाली. गोव्यात राफाएल हे नाव घरोघर ऐकू येते. पण ज्या टोबिताच्या ग्रंथात हा देवदूत वाटसरूच्या वेषात येतो, तो ग्रंथ त्या छापील मराठी बायबलात नव्हता. दोन नोव्हेंबरला मृतांसाठी होणाऱ्या प्रार्थनेला मक्काब्यांच्या दुसऱ्या ग्रंथाचा आधार देतात. तोही तेथे नाही. प्रॉटेस्टंटांची मूळ संहितेविषयीची निष्ठा आदरणीय आहे, तिने मराठी गद्याला एक शिस्तही दिली. परंतु त्या बायबलाला मापदंड करून क्रिस्तपुराण वाचू गेल्यास पानोपानी ‘हे मुळात नाही’ असेच म्हणावे लागेल.

इतके म्हटल्यावर एक दोषही स्पष्टपणे नोंदविला पाहिजे. स्वतःच्या परंपरेतील अप्रमाण कथेला जी उदार जागा कवीने दिली, ती त्याने श्रोत्यांच्या जुन्या पुराणांना दिली नाही. त्यांना त्याने खोटे ठरविले. ज्या दिवाडी बेटावर सप्तकोटेश्वराचे देऊळ पाडले गेले, तेथून देव नदी ओलांडून डिचोलीतील नार्वे येथे आला, आणि १६६८ साली शिवाजी महाराजांनी त्या मंदिराचा जीर्णोद्धार केला. देवाबरोबर पोथीही नदीपलीकडे गेली. डिचोली व पेडणे १७८१ ते १७८८ ह्या काळात पोर्तुगीज अंमलाखाली आली तेव्हा सक्तीचा जोर ओसरला होता, म्हणून तेथे पुराणवाचन अखंड राहिले. आणि नदीच्या अलीकडे काय झाले? १६८४ सालच्या फर्मानाने लोकभाषाच निषिद्ध ठरली, आणि ज्या मराठीची स्टीफन्सने एवढी थोरवी गायिली तिच्यातले त्याचे स्वतःचे पुराणही अखेर हस्तलिखितांच्या आश्रयाला गेले. दुसऱ्याच्या पोथीची जागा हिरावून मिळविलेले आसन फार काळ टिकत नाही, हा ह्या इतिहासाचा कठोर निष्कर्ष आहे.

तरीही ग्रंथाचे मोल त्यामुळे उणावत नाही. ते कशात आहे एवढे मात्र नीट कळते. ह्या ग्रंथात नदीच्या दोन्ही तीरांना समजणारी एक गोष्ट आहे: माणसाला सिद्धान्त पुरत नाही, त्याला कथा लागते, आणि कथेला प्रमाणपत्र नसले तरी जागा लागते. अध्यापकांना प्रस्तुत लेखकाची विनंती एवढीच आहे की, भाषास्तुतीच्या ओव्या वाचून झाल्यावर पुस्तक मिटू नये. दुसऱ्या पुराणाचा आरंभ उघडावा, आणि संतानासाठी झुरणाऱ्या त्या वृद्ध जोडप्याची कथा वर्गात वाचावी. ती बायबलात नाही, हेही सांगावे. पेडण्याचा मुलगा लक्ष्मणरेषेची आठवण काढील, तिसवाडीची मुलगी तवशांच्या फेस्ताची. आणि क्रिस्तपुराणाला पुराण का म्हणतात, ह्याचे उत्तर अध्यापकाला वेगळे द्यावे लागणार नाही.