तलाव मोजले, पण तुडूम कोण उघडणार?

माझ्या पीएचडीचा विषय थोडक्यात असा: पूर्व विदर्भातल्या माजी मालगुजारी तलावांबद्दल सरकारने आजवर काय लिहून ठेवलं ते वाचायचं, आणि काय लिहिलं नाही तेही शोधायचं. आज त्यातला एकच मुद्दा मांडते.

वाचताना स्वतःला एकोडीचे शेतकरी समजा. एकोडी म्हणजे भंडारा जिल्ह्याच्या साकोली तालुक्यातलं, धानाच्या पट्ट्यातलं गाव. ऑक्टोबर लागलाय, पाऊस गेलाय आणि भारी धानाला शेवटचं एक पाणी हवंय. अशा वेळी तलावात पाणी किती हे कळायला अहवाल लागत नाही, पाळीवर उभं राहिलं की दिसतं. तुमचा प्रश्न वेगळा असतो: तुडूम, म्हणजे पाळीतून पाणी सोडायचं दार, कोण उघडणार? आणि पाणी आधी कोणाच्या बांधीत जाणार?

आता या प्रश्नाचं उत्तर सरकारी अभ्यासांत शोधू.

१९०१ ते १९०३ चा स्कॉट-मॉन्क्रीफ यांचा सिंचन आयोग दुष्काळानंतरचा. त्याची काळजी होती ती किती एकर शेती दुष्काळातून वाचवता येईल याची. १९१६ च्या रसेल आणि हिरालाल यांच्या जातिवर्णनात कोहळी समाजाच्या तलाव बांधण्याच्या कसबाचं कौतुक आहे. १९६२ चा बर्वे आयोग: राज्यातली किती जमीन ओलिताखाली येऊ शकते? १९९९ चा चितळे आयोग: खोरी, उपखोरी आणि त्यांतलं उपलब्ध पाणी. नियोजनासाठी उपखोरं हे एकक चांगलंच आहे. पण एका बोडीवरचं भांडण त्या उंचीवरून दिसत नाही.

२०२३ मध्ये केंद्राने जलसाठ्यांची पहिली गणना प्रसिद्ध केली. देशात २४,२४,५४० जलसाठे, महाराष्ट्रात ९७,०६२. हे काम मला खरोखर मोलाचं वाटतं. लहान तळी आणि बोड्याही मोजल्या गेल्या, मालकी, वापर, अतिक्रमण यांची नोंद झाली. तरीही तुमचा प्रश्न तिथेच राहिला. साठा कळतो, वाटप कळत नाही.

मग वाटपाची नोंद कधी झालीच नाही का? झाली होती, पण ती महसूल खात्याच्या कागदांत. मध्य प्रांतातल्या गावांचा 'वाजिब-उल-अर्ज' असायचा. त्यात गावाच्या चालीरीती आणि हक्क लिहिलेले. १९५० च्या कायद्याने मालगुजारी गेली आणि बहुतेक तलाव सरकारचे झाले. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम १६५ मध्ये वाजिब-उल-अर्ज आजही आहे. सिंचनाच्या आणि मासेमारीच्या हक्कांबाबत गावाची रूढी जिल्हाधिकाऱ्याने नोंदवायची, असं ते सांगतं. पण पुढे अट आहे: जी जमीन किंवा पाणी सरकारच्या वा स्थानिक संस्थेच्या मालकीचं नाही, त्यापुरतंच! म्हणजे तलाव सरकारचा झाला आणि त्याची रूढी नोंदीबाहेर गेली. पाटबंधारे खातं पाणी लिहितं आणि महसूल खातं माणसं लिहितं. तलाव मात्र या दोघांच्या मधे पडला.

'नोंद नसली तर काय बिघडतं?' असं तुम्ही विचाराल. तलाव दुरुस्तीची योजना येते तेव्हा काय होतं बघा. अहवालाला साठवण कळते, म्हणून योजना साठवण वाढवते आणि गाळ काढत खोल जाते. पण तुडुमाच्या तळाखाली खोदलेल्या खड्ड्यातलं पाणी उताराने बांधीत येतच नाही. त्यासाठी पंप लागतो, आणि पंप ज्याच्याकडे त्याचं पाणी. कागदावर क्षमता वाढते, पण शेपटाकडच्या शेतकऱ्याच्या हाती काही पडत नाही. धिवरांचंही तसंच. त्यांना माशांसाठी तलावात पाणी टिकायला हवं, शेतकऱ्याला ते सुटायला हवं. ही तडजोड पूर्वी गावात ठरायची. ती लिहिलेली नसेल, तर जोर ज्याचा त्याचं खरं.

मालगुजाराच्या काळात सगळं न्याय्य होतं, असं मी अजिबात म्हणत नाही. वाटपात त्याचा शब्द चालायचा आणि खालच्या जातींच्या वाट्याला काय यायचं हा वेगळा अभ्यास आहे. जुनी रूढी जशीच्या तशी परत आणा, असंही माझं म्हणणं नाही. पण जी व्यवस्था लिहिलेलीच नाही ती बदलायची तरी कशी? आधी ती कागदावर यायला हवी. पुढच्या गणनेत दर तलावामागे तीन प्रश्न वाढवले तरी सुरुवात होईल: पाणी सोडायचं कोण ठरवतं, कोणत्या क्रमाने देतात, आणि पाळीची डागडुजी कोण करतं.

तुम्ही आमच्या धानपट्ट्यातले असाल तर तहसीलच्या अभिलेख कक्षात जाऊन गावचा वाजिब-उल-अर्ज मागून बघा. तुमच्या तलावाबद्दल त्यात काय लिहिलंय आणि आज प्रत्यक्षात काय चालतं, ते मला नक्की कळवा.