एका हिऱ्याचे दोन

भाच्याने संगणकावर ‘स्विच’ या हातात धरून खेळायच्या यंत्राची हुबेहूब नक्कल बसवून दिली. एम्युलेटर म्हणतात म्हणे तिला. खेळ होता ‘झेल्डा : टीअर्स ऑफ द किंगडम’. मे 2023 मध्ये तो आला तेव्हा त्यात एक गोड चूक होती: युक्तीने एका हिऱ्याचे दोन होत. कंपनीने महिन्याभरात ती बुजवली. पण एम्युलेटरमध्ये सुधारणेपुढची खूण काढली, की जुनी आवृत्ती हजर! मी काढली. हिरा पाचशे रुपीला खपतो (नाणं तिथेही रुपीच!). संध्याकाळपर्यंत मी सावकार झालो आणि कंटाळलो. डोंगर चढायला कारणच उरेना! या खेळाचा जीव टंचाईत आहे. मुकाट्याने खूण परत केली.

“टंचाईतच गंमत असते,” मी हिला म्हणालो.

“मग महिनाअखेरीला कुरकुरता कशाला?”