ज्ञानेश्वरांचा कालवृक्ष

काळाशीं ज्याचा व्यवहार आहे असें झाड कल्पावें, ही करामत पाश्चात्त्य कथाकारांचीच, असा समज सुशिक्षित वर्गांत सहज होऊं शकतो. इंग्रज लेखक जे. जी. बॅलर्ड यांची १९६२ सालची 'द गार्डन ऑफ टाइम' ही कथा या जातीचा उत्तम नमुना आहे, हें आम्हांस मान्य आहे. परंतु याहून धाडसी कल्पना मराठींत शके १२१२, म्हणजे इ. स. १२९० मध्येंच अवतरली. ज्ञानेश्वरीच्या पंधराव्या अध्यायांतील अश्वत्थ हें तें झाड. गीतेचा हा अध्याय आमच्या घरोघर मुलांकडून पाठ करून घेतला जातो. पण पाठ झालेलें झाड डोळ्यांपुढें उभें राहतें काय, हा प्रश्न आहे.

गीतेनें या ऊर्ध्वमूल वृक्षास अश्वत्थ म्हटलें आणि अव्ययहि म्हटलें. अश्वत्थ म्हणजे उद्यांपर्यंत न टिकणारा, ही व्युत्पत्ति शंकराचार्यांनीं दिलेली आहे. जो उद्यां नाहीं तो अव्यय कसा? भाष्यकार हा विरोध एका वाक्यांत मिटवूं शकतो. कवीला तेथेंच रान मोकळें मिळालें. ज्ञानेश्वरांच्या झाडाची एक फांदी काळानें वाळून गळते, तों तेथें कोटि कोंभ उठतात. चालतें वर्ष जातें तें पुढच्याला आवतण देऊनच. उंसाचीं कांड्यांवर कांडीं वाढावीं तसे मनूंमागून मनु येतात. आणि कलियुगाच्या अंतीं चारी युगांची कोरडी साल गळून पडते, तों कृतयुगाची नवी साल धरलेली असते.

ज्ञानेश्वर दृष्टांतांची रास घालतात, एकानें भागत असतां दहा देतात, असा आक्षेप घेणारा रसिक येथें अधीर होण्याचा संभव आहे. आमच्या मतें या राशींत एक निवड दडलेली आहे. मेघ समुद्राचें पाणी नेतात आणि नद्या तें भरून देतात, म्हणून तो उणा दिसत नाहीं. वाहत्या पाण्यामागें दुसरें पाणी येऊन मिळतें. या दृष्टांतांचें मर्म भरपाई हें आहे. अतिवेगानें जाणारें रथाचें चाक भूमींत रुतल्यासारखें भासतें. फिरती भिंगरी जागींच जडलेली वाटते. अंधारांत फिरविलेलें कोलीत चक्राकार दिसतें. येथें मर्म वेग हें आहे. कोलिताचा दृष्टांत गौडपादांपासून चालत आलेला. भिंगरी मात्र अंगणांतील आहे. आतां या दोहोंस ती युगांची साल जोडून पाहावी. निमिषाचा वेग मानवी दृष्टीस पकडतां येत नाहीं, आणि युगाची चाल तिला पुरून उरते. अति शीघ्र आणि अति दीर्घ, दोन्ही तिला सारखींच अदृश्य. या दोन आंधळेपणांच्या मधल्या जागेंत जें स्थिर दिसतें, त्यालाच लोक अव्यय म्हणतात. ही मीमांसा कवीनें सूत्रांत न सांगतां एकाच झाडावर लटकाविली, हें त्याचें कौशल्य.

आम्हां नाशिककरांस याचा पडताळा दूर शोधावा लागत नाहीं. पंचवटींत सीतागुंफेजवळच्या वडांखालीं यात्रेकरू हात जोडतो तो रामाच्या काळचीं झाडें म्हणून. त्या वडाचीं पानें किती वेळां गळलीं, किती पारंब्या खोड झाल्या, हा हिशेब त्याच्या मनांत येत नाहीं. पलीकडे गोदावरींतहि काल स्नान केलें तें पाणी आज नसतें. ज्या निवृत्तिनाथांस ज्ञानेश्वरांनीं गुरु मानलें, त्यांची समाधि याच नदीच्या उगमापाशीं, त्र्यंबकेश्वरीं आहे.

बॅलर्डच्या कथेंतील सरदार काळफूल खुडतो, आणि चाल करून येणारा जमाव क्षणांत दूर हटतो. पण फुलें मोजकीं आहेत. शेवटची कळी संपते, आणि तो व त्याची पत्नी कांटेरी झुडपांत पुतळे होऊन उरतात. तेथें फूल म्हणजे उसना घेतलेला वेळ. ती कथा करुण आहे, कारण उसनें फेडावेंच लागतें. ज्ञानेश्वर वेळ मागतच नाहींत. हें झाड मुळांतच नाहीं, मग सशाचें शिंग मोडावें काय, आकाशाचें फूल तोडावें काय, असें ते विचारतात. नसलेल्या झाडाचें इतकें जिवंत चित्र काढून मग तें पुसावें, हा विसंवाद नव्हे काय? आम्हांस तसें वाटत नाहीं. ज्याचा वेग पुरता दाखविला त्याचेंच नसणें पटवितां येतें. निमिषांत कोटि वेळां होणारें जाणारें तें झाड ज्यानें ओळखलें, त्यालाच ते खरा जाणता म्हणतात.

म्हणून मुलांस हा अध्याय पाठ करवितांना ज्ञानेश्वरींतील या ओव्याहि त्यांच्यापुढें वाचाव्या. हातांत एखादी भिंगरी दिली तर अधिकच बरें.