ठगविषयक ग्रंथांची पाठपरीक्षा

एकाच पोथीच्या शंभर नकला उपलब्ध झाल्या, तरी त्या सर्व एकाच आदर्श प्रतीवरून उतरलेल्या असल्यास साक्षीदार एकच धरावयाचा, हा पाठचिकित्सेचा पहिला नियम आहे. बखरींचें संपादन करितांना किंवा संतवाङ्मयाच्या प्रती ताडून पाहतांना हा नियम आपण कटाक्षानें पाळतों. परंतु गुन्हे आणि गुन्हेगार यांविषयींच्या छापील ग्रंथांस तो लावण्याची संवय अद्यापि आपणांस जडलेली नाहीं. तेथें दहा ग्रंथांत एकच गोष्ट आढळली, कीं ती दहापट खरी वाटूं लागते. या दृष्टीनें ठगांवरील ग्रंथांइतकें बोधप्रद उदाहरण दुसरें क्वचितच सांपडेल. सरकारी कागदांचे संग्रह, कादंबऱ्या, साहसकथा, विनोदी लेखकाचें प्रवासवर्णन आणि विद्वत्तापूर्ण प्रबंध असे सर्व प्रकार या एका विषयावर निर्माण झाले आहेत. त्यांचा वंशवृक्ष मांडून प्रत्येकाची किंमत ठरवावी, हा प्रस्तुत लेखाचा हेतु आहे.

या वृक्षाचें मूळ म्हणजे विल्यम हेन्री स्लीमन यांचा 'रामासीआना' हा ग्रंथ. तो सन १८३६ मध्यें कलकत्त्यास प्रसिद्ध झाला. नांवावरून तो ठगांच्या 'रामासी' नामक सांकेतिक भाषेचा कोश आहे असें वाटतें, आणि तसा कोश त्यांत आहेहि. परंतु ग्रंथाचा मोठा भाग माफीच्या साक्षीदारांशीं झालेलीं संभाषणें, त्यांच्या जबान्या आणि सरकारी पत्रव्यवहार यांनीं भरलेला आहे. संग्राहक या नात्यानें स्लीमन यांचे उपकार मानलेच पाहिजेत. संभाषणें देतांना प्रश्न आणि उत्तर हीं दोन्ही त्यांनीं छापलीं, साक्षीदारांचीं नांवें दिलीं, आणि स्वतःच्या मतास अडचणीच्या अशा गोष्टीहि सर्वस्वीं गाळल्या नाहींत. पुढील बहुतेक लेखकांनीं नेमका हाच विवेक सोडला. त्यांनीं उत्तरें तेवढीं घेतलीं आणि प्रश्न टाकून दिले.

दुसऱ्याच वर्षीं, सन १८३७ मध्यें, एडवर्ड थॉर्नटन यांनीं लंडनमध्यें ठगांच्या इतिहासावर व चालीरीतींवर एक ग्रंथ प्रसिद्ध केला. त्यांतील बहुतेक मजकूर स्लीमन यांच्या संग्रहांतून आलेला असल्यामुळें त्यास स्वतंत्र साक्षीचा मान देतां येत नाहीं. सन १८३९ मध्यें फिलिप मेडोज टेलर यांची 'ठगाची जबानी' या अर्थाच्या नांवाची इंग्रजी कादंबरी निघाली. टेलर हे निजामाच्या चाकरीतले, पुढें नळदुर्गास अधिकारी असलेले, आणि अफझलखानाच्या काळावर 'तारा' ही कादंबरी लिहिणारे म्हणून आपल्या वाचकांस परिचित आहेत. माफीच्या साक्षीदारांच्या जबान्या त्यांनीं स्वतः ऐकल्या होत्या. म्हणून त्यांची शाखा अर्धी स्वतंत्र मानावी लागते. आपला नायक अमीर अली खरोखरीचा असून ७१९ खुनांत त्याचा हात होता, आणि कथेंतील बहुतेक भाग सत्य आहे, असें ते सांगतात. परंतु सत्य कोठें संपतें व कादंबरी कोठें सुरू होते हें दाखविणारी रेघ त्यांनीं ओढलेली नाहीं. म्हणून संशोधकास कादंबरीहून तिची प्रस्तावनाच अधिक मोलाची आहे.

त्या प्रस्तावनेंतील हिंगोलीची हकीकत पाहण्यासारखी आहे. हिंगोलीच्या छावणींत हरिसिंग नांवाचा एक प्रतिष्ठित व्यापारी होता. खुद्द टेलर यांचा त्याच्याशीं व्यवहार होता. मुंबईहून कापड आणावयाचें आहे असें सांगून त्यानें तेथील अधिकाऱ्याकडून परवाना घेतला. मग ज्या व्यापाऱ्याचा तो माल वाटेंत होता, त्यास व त्याच्या माणसांस मारून, त्याच परवान्यावर माल हिंगोलीस आणून उघडपणें विकला. पुढें हा हरिसिंग त्या भागांतील ठगांचा नायक निघाला. या हकीकतींत देवी नाहीं, शकुन नाहीं, सांकेतिक भाषा नाहीं. स्थळ, पेशा, माल आणि परवाना आहे. अशा गोष्टीची शहानिशा कागदावरून होऊं शकते. ठगांच्या वाङ्मयांत जें टिकाऊ आहे तें बहुधा याच जातीचें आहे.

यापुढें नकलांच्या नकला सुरू होतात. स्लीमन यांचा प्रमुख साक्षीदार फिरंगिया हा झांशीकडील ब्राह्मण. तो सन १८३० च्या अखेरीस हातीं लागला. यूजीन स्यू या फ्रेंच कादंबरीकारांनीं सन १८४४-४५ च्या 'भटका यहुदी' या कथेंत त्यास थेट जावा बेटांत नेऊन बसविलें. ज्यूल व्हर्न यांच्या ऐशीं दिवसांच्या पृथ्वीप्रदक्षिणेंत (१८७३) तोच फिरंगिया मालेगांव-औरंगाबादच्या बाजूस गळे दाबणाऱ्यांचा राजा होऊन बसला आहे. बुंदेलखंडचा मनुष्य खानदेशच्या वाटेवर कसा आला, याचें उत्तर इतिहासांत नाहीं. तें आगगाडीच्या मार्गांत आहे. कथानायकाची गाडी मुंबईहून तिकडून जात होती, तेव्हां ठगहि तेथेंच असणें सोयीचें होतें. नकलकारानें स्थळनामें बदललेल्या पोथ्या ज्यांनीं हाताळल्या आहेत, त्यांस या प्रकाराचें नवल वाटूं नये.

अमेरिकन विनोदी लेखक मार्क ट्वेन सन १८९६ मध्यें हिंदुस्थानांत आले. पुढील वर्षीं निघालेल्या त्यांच्या प्रवासवर्णनांत ठगांवर बराच मजकूर आहे आणि तो स्लीमन यांच्या सरकारी अहवालावर उभारलेला आहे. आंकडे व हकीकती ट्वेन यांनीं जशाच्या तशा उचलल्या. त्या बाबतींत ते इतरांहून अधिक चिकित्सक नाहींत. तथापि एक प्रश्न त्यांनीं विचारला, तो अधिकाऱ्यांच्या ग्रंथांत आढळत नाहीं. मनुष्यवधाचा आनंद ही केवळ पूर्वेकडील विकृति आहे काय? रोमन आखाडे आणि बैलांच्या झुंजी यांकडे बोट दाखवून गोरे लोकहि थोडे सुधारलेले ठगच आहेत, असा निकाल त्यांनीं दिला. गंभीर ग्रंथांनीं ठगास निराळी मनुष्यजात ठरविलें असतां विनोदी ग्रंथानें त्यास मनुष्यांत परत आणलें, ही या वाङ्मयांतील लक्षांत ठेवण्याजोगी गोष्ट आहे.

सन १९३३ मध्यें स्लीमन यांचे नातू जेम्स स्लीमन यांनीं ठगांवर जो ग्रंथ लिहिला, त्याच्या नांवांतच दहा लक्ष खुनांचा आंकडा आहे. बहराम नांवाच्या ठगाच्या नांवावर ९३१ बळी मांडले जातात, ते मुख्यतः या ग्रंथामुळें. परंतु लखनौस ठगीच्या कामावर असलेल्या जेम्स पेटन यांच्या हस्तलिखित संग्रहांत बहरामचीच जबानी आहे, आणि तींत भेद आहे. ९३१ खुनांच्या वेळीं आपण हजर होतों. स्वतःच्या हातानें सुमारें १२५ मारले असतील व आणखी १५० मारलेले डोळ्यांनीं पाहिले असतील, असें तो म्हणतो. छापील पुस्तकानें 'हजर' हा शब्द गाळून 'मारले' हा घातला. एका शब्दाच्या पाठभेदानें मनुष्याच्या माथीं आठशें खून चढतात, तेव्हां मूळ हस्तलिखित पाहण्याचा आग्रह हा निव्वळ पंडिती हट्ट ठरत नाहीं.

आतां आदर्श प्रतीचेंच परीक्षण केलें पाहिजे. माफीच्या साक्षीदारास जीवदान मिळे तें अटीवर. त्यानें सर्व गुन्हे व सर्व साथीदार सांगावे. कांहीं लपविल्याचें उघडकीस आल्यास माफी रद्द. म्हणजे अधिक सांगण्यांत त्याचा लाभ आणि कमी सांगण्यांत त्याच्या प्राणास धोका. जबान्या हिंदुस्थानींत दिल्या गेल्या आणि जगानें त्या इंग्रजींत वाचल्या. शिवाय प्रश्न कोणी व कोणत्या समजुतीनें विचारले, हेंहि पाहिलें पाहिजे. सन १८३० मध्यें कलकत्त्याच्या एका पत्रांत एक निनांवी लेख प्रसिद्ध झाला. विंध्याचलच्या देवीचे पुजारी ठगांचे पाठीराखे आहेत, असें त्यांत म्हटलें होतें, आणि त्याचे लेखक स्लीमनच होते. म्हणजे देवीचा सिद्धान्त मोठ्या संग्रहाच्या आधींच तयार होता. त्यांचे अनेक साक्षीदार मुसलमान होते. भवानीची उपासना तुमच्या धर्मांत कशी बसते, असें त्यांस विचारलें असतां भवानी आणि फातिमा एकच, असेंहि उत्तर मिळालें. हें उत्तर ठगांच्या श्रद्धेचा पुरावा असेल. परंतु तें अडचणींत धरलेल्या मनुष्याचें उत्तर आहे, हेंहि विसरतां येत नाहीं.

स्लीमन यांच्या पूर्वींच्या दोन शाखा उपलब्ध आहेत. पहिली, इटाव्याचे मॅजिस्ट्रेट टॉमस पेरी यांनीं सन १८१० मध्यें घेतलेल्या जबान्यांची. दुसरी, मद्रासकडील डॉक्टर रिचर्ड शेरवुड यांच्या 'फांसीगार' या विषयावरील लेखाची, जो 'एशियाटिक रिसर्चेस'च्या तेराव्या खंडांत सन १८२० मध्यें आला. शेरवुड देवीचे विधि सांगतात. इटाव्याच्या जबान्यांत धर्मास पुढचें स्थान नाहीं, तेथें लूट व जमीनदाराचा आश्रय हींच मुख्य. पेरी यांच्या कागदांचें महत्त्व किम वॅग्नर यांनीं सन २००७ च्या ग्रंथांत दाखवून दिलें. त्यापूर्वीं हिरालाल गुप्त यांनीं सन १९५९ मध्यें ठगांच्या प्राचीनत्वाविषयीं शंका घेतली होती. मराठी अंमलांतील माळव्याच्या अभ्यासासाठीं पेशवे दप्तर पाहिलेले स्ट्यूअर्ट गॉर्डन यांनीं सन १९६९ मध्यें ठगांचा प्रश्न राज्यव्यवस्थेच्या प्रश्नाशीं जोडला. शिंद्यांच्या मुलखांत ठगांच्या घरांवर कर बसविलेला होता, ही गोष्ट तर जुन्या कागदांतच आहे. ज्यांच्यावर पट्टी बसते ते गुप्त पंथाचे लोक कसे, हा साधा प्रश्न शंभर वर्षें कोणास सुचला नाहीं.

यावरून ठग नव्हतेच, असा निष्कर्ष काढणारेहि आहेत. तो आम्हांस मान्य नाहीं. साक्षीदारांनीं दाखविलेल्या जागीं, एकदां तर खुद्द स्लीमन यांच्या तंबूखालीं, खणून प्रेतें निघालीं. प्रेत ही जबानीहून स्वतंत्र साक्ष आहे. तेव्हां वाटसरूंस विश्वासांत घेऊन गळा आवळून मारणाऱ्या टोळ्या होत्या, हें सिद्ध आहे. सर्व हिंदुस्थानभर पसरलेला एकच पुरातन धर्मपंथ होता, हें एकाच शाखेच्या आधारावर उभें असल्यामुळें असिद्ध आहे. आणि लाखांचे आंकडे हा केवळ गुणाकार आहे. या तीन विधानांची गल्लत करणारा ग्रंथ, तो कितीहि टिपांनीं भरलेला असो, कथेच्याच कपाटांत ठेवला पाहिजे.

ही चिकित्सा निरुपयोगी कुतूहल नव्हे, कारण या पाठावर कायदे झाले. सन १८३६ च्या तिसाव्या कायद्यानें ठगांच्या टोळींत केव्हांहि असणें हाच जन्मठेपेचा गुन्हा ठरला. विशिष्ट खून शाबीत करण्याचें कारण उरलें नाहीं. वंशपरंपरागत गुन्हेगारीची तीच कल्पना सन १८७१ च्या गुन्हेगार जातींच्या कायद्यांत उतरली, आणि तो कायदा सन १९५२ मध्यें रद्द होईपर्यंत जन्मावरून माणसांची हजेरी घेतली गेली. मुंबई इलाख्याच्या पोलिसांसाठीं मायकेल केनेडी यांनीं सन १९०८ मध्यें जो ग्रंथ सिद्ध केला, त्यांत जातवारीनें पोशाख, बोली व चोरीच्या रीति दिल्या आहेत. माहिती विपुल, परंतु सर्व पकडणाऱ्याच्या बाजूची. त्या यादींतील माणसांची स्वतःची साक्ष छापून येण्यास लक्ष्मण माने यांचें 'उपरा' (१९८०) व लक्ष्मण गायकवाड यांचें 'उचल्या' (१९८७) यांची वाट पाहावी लागली. गुन्हेगारीवरील ग्रंथांच्या संग्रहांत हीं दोन पुस्तकें केनेडी यांच्या शेजारीं नसतील, तर तो संग्रह एकतर्फी समजावा.

आपल्या प्रांतांतील रामोशांचें उदाहरण यास पूरक आहे. उमाजी नाइकास सन १८३२ मध्यें पुण्यास फांशी दिलें गेलें, आणि पुढल्याच वर्षीं कॅप्टन अलेक्झांडर मॅकिंटॉश यांनीं रामोशांवर ग्रंथ लिहून त्यांत उमाजीचें चरित्र दिलें. तें सरकारच्या सेनाधिकाऱ्यानें लिहिलेलें आहे. परंतु येथें दुसरी शाखा शोधण्यास वाव आहे. कारण किल्ल्यांची व गांवांची रखवाली, त्याबद्दलचे हक्क आणि नेमणुका यांचे उल्लेख मोडी कागदांत येतात. त्यांत तोच समाज दरोडेखोर म्हणून नव्हे, तर हक्कदार चाकर म्हणून दिसतो.

म्हणून संग्राहकांस विनंती एवढीच, कीं रुमाल सोडतांना सनदा, महजर आणि राजपत्रें बाजूस काढून उरलेलें रद्दींत घालूं नये. गुन्हेगारीच्या वसुलाचे जमाखर्च, कोतवालीचे कागद, मुचलके, जामीनकतबे, चोरीचा माग दुसऱ्या गांवच्या शिवेपर्यंत पोंचविल्याच्या तक्रारी, वाटसरूंस दिलेले परवाने, हे कागद दिसावयास क्षुद्र असतात व त्यांस बाजारांत मोल नसतें. परंतु ते माफीच्या आशेनें किंवा फांशीच्या भीतीनें लिहिलेले नाहींत, आणि स्लीमन यांच्या प्रश्नांच्या आधींचे आहेत. ज्यांच्या घरीं असे रुमाल आहेत, त्यांनीं निदान त्यांची तारीखवार यादी करून ती प्रसिद्ध करावी. म्हणजे दुसऱ्या शाखेचा पाठ हळूहळू सिद्ध होईल.