भूतकाळाला निरोप : ‘टाइमस्केप’च्या निमित्ताने

काळावर हुकमत गाजवणारी माणसे विज्ञानकथांत पुष्कळ भेटतात. कळ दाबली की नायक हव्या त्या शतकात! ते यंत्र कोणत्या तत्त्वावर चालते, त्यासाठी पैसे कोणी दिले, ते बिघडले तेव्हा काय झाले, याविषयी लेखक सहसा गप्प असतो. ग्रेगरी बेनफर्ड या अमेरिकन भौतिकशास्त्रज्ञाची ‘टाइमस्केप’ (१९८०) ही कादंबरी मात्र याच प्रश्नांपासून सुरू होते. म्हणून विज्ञान शिकवणाऱ्यांनी ती वाचावी असे आम्हाला वाटते.

कथा दोन काळांत चालते. एक काळ १९९८ चा, म्हणजे लेखकाच्या दृष्टीने तेव्हा भविष्यातला. शेतीतील रसायनांमुळे समुद्रातील सूक्ष्म वनस्पतींचे चक्र बिघडले आहे आणि अन्नसाखळी ढासळते आहे. केंब्रिजमधील जॉन रेनफ्रू ‘टॅकिऑन’ कणांच्या साहाय्याने १९६२-६३ मधील शास्त्रज्ञांना सावध करू पाहतो. पण विजेचा भरवसा नाही आणि अनुदानासाठी अधिकाऱ्यांची मनधरणी करावी लागते. दुसरा काळ त्या जुन्या वर्षांचा. कॅलिफोर्नियातील ला होया येथे गॉर्डन बर्नस्टाइन हा तरुण प्राध्यापक इंडियम अँटिमोनाइडच्या स्फटिकावर चुंबकीय अनुनादाचे प्रयोग करीत असतो. त्याच्या आलेखात एक नकोशी खरखर येऊ लागते. त्या खरखरीत मोर्सच्या लिपीतील अक्षरे दडलेली असतात.

टॅकिऑन ही कल्पना बेनफर्ड यांच्या पदरची नाही. प्रकाशापेक्षा वेगवान कण सापेक्षता सिद्धांताच्या चौकटीत बसू शकतील काय, याची चर्चा बिलान्युक, देशपांडे आणि सुदर्शन यांनी १९६२ साली केली, आणि तीही भौतिकशास्त्राच्या शिक्षकांच्या संघटनेतर्फे निघणाऱ्या अमेरिकन नियतकालिकात. ‘टॅकिऑन’ हे नाव फाइनबर्ग यांनी १९६७ मध्ये दिले. असे कण वापरता आले तर भूतकाळात निरोप धाडता येईल आणि कार्यकारणभावच अडचणीत येईल, हे दाखवणाऱ्या १९७० च्या शोधनिबंधाचे एक लेखक स्वतः बेनफर्ड होते. प्रयोगात हे कण आजवर सापडलेले नाहीत.

निरोप पाठवायचा तर नेम कुठे धरायचा? १९६३ साली पृथ्वी आजच्या जागी नव्हती. विश्वातील सूक्ष्मलहरी पार्श्वप्रारणाच्या संदर्भात सूर्यमाला सेकंदाला सुमारे ३७० किलोमीटर वेगाने सरकते. ३५ वर्षांत हे अंतर किती होईल? सुमारे ४० हजार कोटी किलोमीटर! एवढे अंतर कापायला प्रकाशालाही जवळजवळ १६ दिवस लागतील. नववी-दहावीच्या विद्यार्थ्यांना हे गणित जरूर घालावे. वेग नेहमी कशाच्या तरी संदर्भात सांगायचा असतो, हे त्यांना आपोआप समजेल.

कादंबरीत आम्हाला खटकलेली गोष्ट म्हणजे शेवट. निरोप मिळून संकट टळले, तर निरोप पाठवण्याचे कारणच उरत नाही. म्हणून केंब्रिजचे शास्त्रज्ञ मुद्दाम अपुरी माहिती पाठवतात. हा विचार सुंदर आहे. निरोप पोहोचल्याची चिठ्ठीही १९९८ मध्ये बँकेच्या तिजोरीत सापडते. पण पुढे लेखक विश्वालाच फाटा फोडतो. नवे जग वाचते, निरोप पाठवणारे मात्र आपल्या बुडत्या जगातच राहतात. चिठ्ठी तर त्यांच्याच जगात सापडली, मग फाटा फुटला कधी? विसंगती निर्माण होईल तेव्हाच विश्व दुभंगते, हे उत्तर आम्हाला सोयीचे वाटते, पटत नाही.

तरीही पुस्तकाचे मोल कमी होत नाही, कारण त्याचा गाभा त्या खरखरीत आहे. गॉर्डनच्या एकाच आलेखाचे तीन अर्थ निघतात. त्याच्या ज्येष्ठ सहकाऱ्याला त्यात नव्या प्रकारचा अनुनाद दिसतो, एका खगोलशास्त्रज्ञाला परग्रहवासीयांचा संदेश, आणि गॉर्डनला आणखी काही वेगळेच. न पटणारा आकडा खोडावा, की नोकरी पणाला लावून जपावा?

प्रत्यक्षात अशा आकड्यांमागे बहुधा साधी चूक निघते. न्यूट्रिनो प्रकाशापेक्षा सुमारे ६० नॅनोसेकंद लवकर पोहोचल्याचे ‘ऑपेरा’ गटाने २०११ मध्ये जाहीर केले. २०१२ मध्ये कारण सापडले, ते प्रकाशीय तंतूची एक सैल जोडणी! परंतु त्यांनी आकडा लपवला नव्हता. तो इतरांसमोर ठेवून तपासायला सांगितला होता. म्हणून तर चूक सापडली.

आपल्या प्रयोगशाळांत काय घडते? ओहमच्या नियमाचे आलेख आम्ही पुष्कळ तपासले आहेत. सगळे बिंदू सरळ रेषेत, एकही इकडेतिकडे नाही. उत्तर आधी ठरते, निरीक्षणे नंतर लिहिली जातात. गुण कापले जातील ही भीती मुलांना आपणच घातली आहे.

कादंबरीच्या शेवटी गॉर्डनच्या संशोधनाविषयीचे मासिक आणायला गेलेला एक शाळकरी मुलगा डॅलसमध्ये केनेडींचा खून टाळतो. आपल्या विद्यार्थ्यांकडून एवढी अपेक्षा नको. पण रेषेबाहेर पडलेला बिंदू एखाद्या वहीत दिसला, तर तो खोडायला सांगण्याआधी त्या मुलासोबत जोडण्या पुन्हा तपासून पाहू या.